गोंद

डोंगरात पळायचे आमचे नवे बूट कारखान्यातून आले आणि पहिल्याच जोडाचा तळ नुसत्या हाताने सोलून निघाला. मी पास केलेला गोंद नव्हताच तो!

"आपल्याला फसवलं गं त्यांनी," दादा कपाळाला हात लावून म्हणाला.

मी कारखानदाराला फोन लावला आणि त्याची बिनपाण्याने केली. "उतारावर तळ सुटला तर माणूस थेट दरीत जाईल, कळतंय का?"

तेवढ्यात दादाची मुलगी कुरकुरत आत आली. "आत्या, तू तरी सांग ना बाबांना! उद्याच्या शर्यतीत आपले बूट घालायचे नाहीत म्हणे. माल यायच्या आधीपासूनच बजावून ठेवलंय मला."

मी फोन दादापुढे धरला.

"घे. आता तू झाप त्याला."