वीतभर अंतर

इस्पितळाच्या आवारात बॉम्ब पडले तेव्हा नर्सचं बोट टेबलावरच्या सैनिकाच्या मांडीतली फुटलेली रक्तवाहिनी दाबून होतं. "मी येईपर्यंत बोट काढलंत तर हा गेलाच," बजावून डॉक्टर पलीकडे धावले. जखमींची रीघ लागली. टेबलाशेजारी जमिनीवर ठेवलेल्या स्ट्रेचरवर तिचा नवरा होता, अँब्युलन्सचा ड्रायव्हर, रक्ताने चिंब. त्याने तिच्याकडे हात लांबवला. तिचा दुसरा हात वीतभर कमी पडला. हाका मारून घसा बसला, पण कुणीच मोकळं नव्हतं. शेवटी तिने चप्पल काढली, पाय ताणला आणि अंगठा त्याच्या तळहातावर टेकवला. "मला पाय लावतेस होय?" म्हणत त्याने अंगठा मुठीत घट्ट धरला. बोटाखाली सैनिकाची नाडी उडत राहिली; अंगठ्यावरची मूठ मात्र हळूहळू सुटली. "सिस्टर, खाली तुमचं कुणी आहे का?" सैनिकाने विचारलं. "कुणी नाही. तुम्ही हलू नका."