शेवटची पाटी

आपल्याला जर्मन येतं, ही थाप कालिंदीने मारली ती फिल्म क्लबच्या विश्रामशेजारी बसायला मिळावं म्हणून. आज त्याने जुना जर्मन मूकपट लावला आणि मधेमधे पडद्यावर येणाऱ्या संवादांच्या पाट्या मराठीत सांगायला तिलाच बसवलं.

पडद्यावर मिशाळ दुकानदार छातीवर हात ठेवून खोट्या शपथा घेत होता. जात्यावर ओवी सुचावी तशी तिलाही थापेवर थाप सुचत गेली. प्रेक्षक खिदळले, तिला चेव आला.

शेवटची पाटी आली. "लबाडा, गोड बोललास म्हणून माफ केलं!" तिने ठोकून दिलं.

विश्राम कानाशी वाकला. "अहो, तिथे नुसतं 'समाप्त' लिहिलंय."

तिची कानशिलं तापली. "तुम्हाला येतं? मग मला कशाला बसवलंत?"

"शेजारी बसाल म्हणून. पुढच्या रविवारी रशियन आहे. येतं ना?"

"अगदी अस्खलित!"