कमळांचं तळं

पडद्यावरची हिरवी रेघ एक्केचाळीस टक्क्यांवर येऊन अशी बसली होती, की आणखी थोडा वेळ गेला असता तर तिच्यावर कोळ्याने जाळं विणलं असतं.

सूनबाई कंट्रोलर मांडीवर घेऊन तिच्याकडे बघत होती. साडेतीन वाजले होते. चार वाजता तिचा धाकटा भाऊ खेळायला येणार होता. तो मालवाहू जहाजावर इंजिनाच्या कामाला. जहाज बंदराला लागलं की त्याला धड नेट मिळायचं, आणि आज ते मिळणार होतं तासभर. तीन महिन्यांतून एकदाचा तास. बहीणभावाची मोटारींची शर्यत ठरलेली. तिने हॉस्पिटलमधली नर्सची ड्यूटी बदलून घेतली होती, आणि इथे गेम हटून बसला होता: नवा भाग पूर्ण उतरल्याशिवाय मी उघडणार नाही.

"दाब कमी आहे," सासरे म्हणाले.

तात्या चाळीस वर्षं प्लंबर होते. जगातल्या कुठल्याही दुखण्याची त्यांच्याकडे दोनच कारणं: दाब कमी, नाहीतर कुठेतरी गळती. एकदा त्यांनी नळाला नुसता कान लावून तिसऱ्या मजल्यावरच्या बाईंना सर्दी झाल्याचं ओळखलं होतं. बाईंना ते दुसऱ्या दिवशी कळलं.

राउटर बंद करून चालू केला. एक्केचाळीस. कन्सोल बंद करून चालू केला. एक्केचाळीस. तात्यांनी माळ्यावरून लांबलचक केबल काढली, राउटरपासून थेट कन्सोलपर्यंत ओढली, आणि जोडण्याआधी तिच्या टोकाला पांढरी टेफ्लॉनची पट्टी गुंडाळायला घेतली.

"तात्या, ह्यातून पाणी नाही जात."

"काहीच जात नाहीये. तेच म्हणतोय मी."

मग ते उठले. घरातले बाकीचे नळ बंद केल्याशिवाय इथे धार येणार नाही, असं जाहीर करून त्यांनी चार मोबाइल, दोन लॅपटॉप आणि एक टॅब्लेट बंद केले आणि कोरड्या बादलीत भरून ठेवले. तेवढ्यावर हात थांबतो कुठला? बाल्कनीत जाऊन पाण्याचा मुख्य व्हॉल्व्हही त्यांनी फिरवून टाकला.

मिनिटभरात सासूबाई बाथरूममधून बाहेर आल्या. डोक्यावर शाम्पूचा एवढा फेस, की त्याखाली त्या आहेत हे आवाजावरूनच कळत होतं.

"अहो, अडलंय नेट. माझं पाणी कशाला बंद?"

"सवय," तात्या म्हणाले.

"सूनबाई, ह्यांनाच विचार. दुपारी तू पडली होतीस तेव्हा हे यंत्र घेऊन काय करत होते? मला म्हणाले, धूळ पुसतोय."

सूनबाईने डाउनलोडची यादी उघडली. इतका वेळ ती एकट्या आपल्या रेघेकडेच बघत बसली होती. यादीत तिची शर्यत दुसरी होती, रांगेत ताटकळत. पहिला होता मासेमारीचा गेम, आणि घरातले सगळे नळ बंद झाल्यामुळे तो घोड्यासारखा पळत होता. सत्त्याण्णव. अठ्ठ्याण्णव.

"तात्या."

"नवीन तळं आलंय त्यात," तात्या पट्टीचं टोक शोधत म्हणाले. "कमळांचं."

"कधीपासून खेळताय?"

तात्यांनी उत्तर द्यायची गरज पडली नाही. त्यांच्या नावाखाली यंत्रानेच लिहिलं होतं: चारशे बारा तास.

तिने थांबवायला बटण दाबेपर्यंत मासेमारी शंभरावर गेली. मग शर्यतीची रेघ हलली आणि खाली अक्षरं उमटली: उरलेला वेळ, एक तास. चाराला दहा कमी होते. सूनबाईने कंट्रोलर हळूच टीपॉयवर ठेवला, आणि ते तिच्या ओरडण्यापेक्षा वाईट होतं.

"फोन लाव त्याला," तात्या म्हणाले. "मी सांगतो. गळती माझीच आहे."

बादलीतून फोन निघाला. स्पीकरवर तात्यांनी सगळं कबूल केलं, धूळ पुसण्यासकट. पलीकडे बंदरातल्या क्रेनची घरघर.

"तात्या," भाऊ म्हणाला, "कमळांचं तळं आलं?"

"तुझ्याकडे आहे तो गेम?" सूनबाईने विचारलं.

"ताई, जहाजावर सगळ्यांकडे आहे. चहूकडे समुद्र, आणि गळ टाकायची परवानगी नाही. माणसाने करायचं काय?"

चार वाजता बहीणभाऊ पडद्यावरच्या तळ्याकाठी बसले. तात्यांनी चारशे बारा तासांत कमावलेली सगळ्यात चांगली काठी सूनबाईला दिली, आणि तेवढ्यात पाणीही चालू करून आले. पण सासूबाई डोकं धुवायला गेल्या नाहीत. शर्यतीत ही दोघं "डावीकडे", "लबाड" आणि "हरलीस" याच्यापुढे कधी बोललेली नव्हती. इथे काही गळालाच लागत नव्हतं. मग भावाने जहाजावरच्या नव्या आचाऱ्याचं सांगितलं. मग इंजिनाजवळच्या उकाड्याचं. मग मध्ये आठ दिवस ताप होता, तेही सांगितलं.

"किती होता?"

"एकशे तीन. आईला बोलू नकोस."

"नाही बोलत. औषध काय घेतलंस?"

फेस वाळून सासूबाईंच्या केसांचं वारूळ झालं होतं. पाच वाजायला वीस मिनिटं होती, तेव्हा टीव्हीच्या वरच्या कोपऱ्यात एक चौकट उमटली: शर्यत तयार आहे. नेटची धार एकाएकी मोठी झाली होती. चौकट तात्यांनी एकट्यांनीच पाहिली. ते गुडघ्यावर हात ठेवून उठले आणि त्या कोपऱ्यासमोर जाऊन उभे राहिले.

"तात्या, दिसत नाहीये."

"हळू बोल," तात्या म्हणाले. "मासे बुजतील."