टाळ्यांचा तुकडा

जुन्या काळी वार्तापट काढणाऱ्या, आता नव्वदी गाठलेल्या हेमचंद्ररावांना शोधत सरूबाई फुलंब्रीहून सिडकोत आली.

"दादा, तुमच्या चौसष्ट सालच्या धरणाच्या फिल्ममधी माझा बाप टाळ्या वाजवतोय. तो तर बासष्टलाच पुरात वाहून गेला. मोबाइलवर फिल्म बघितल्यापासून आई जेवंना. म्हणती, जिता व्हता तर घरी का नाय आला?"

हेमचंद्रराव गोंधळले. खरं सांगावं तर नावाजलेली फिल्म बुडते, न सांगावं तर म्हातारी उपाशी.

"धरणावर टाळ्या कुणी वाजवल्याच नाहीत, बाई. साठ सालच्या कुस्त्यांतला, टाळ्या वाजवणाऱ्या बघ्यांचा तुकडा मी तिथं जोडला."

सरूबाईनं तिथूनच फोन लावला.

"आई, खोटी हाय फिल्म. जेव आता."