वरचा झरा, खालचा झरा

वरच्या झऱ्यातला दगड उलटला तसा अश्विनीच्या अंगावर सर्रकन काटा आला. दगडाच्या पोटाला काळपट, चपटे किडे चिकटले होते. नखाएवढे, शेंबडासारखे बुळबुळीत. त्रिकोणी डोकं आणि त्यावर दोन तिरळे डोळे. तिने काडीने एकाचे दोन तुकडे केले. दोन्ही तुकडे सावकाश आपापल्या वाटेने निघाले.

"शी! आणि ह्या पाण्यात मुलांची खिचडी शिजते?"

"अकरा वर्सं शिजते मॅडम." शाळेची खिचडी रांधणाऱ्या भिमामावशी हंडा कमरेवर घेऊन उभ्या होत्या.

"उद्यापासून यात एकही किडा दिसणार नाही." अश्विनीने ब्लीचिंग पावडरची पिशवी उचलली. गलोंड्याच्या दुकानांत मिळाली नाही म्हणून ती रविवारी मुद्दाम सिल्वासाला जाऊन आली होती.

"टाका की. पण आधी माझ्यासंगं खालच्या झऱ्यावर चला."

मावशींनी दोन किडे बोटांनी अलगद उचलून तांब्यात सोडले. अश्विनीने तोंड फिरवलं.

"मावशी, त्याच हातांनी तांदूळ धुणार तुम्ही?"

"हात धुईन ना आधी. ह्याच पाण्यानं."

खालचा झरा पन्नास पावलांवर, रंगाच्या कारखान्याच्या मागच्या भिंतीखाली होता. तो अश्विनीनेच शोधून काढला होता. पांढरी वाळू, स्वच्छ गोटे, ना शेवाळ, ना किडा. शाळेत येऊन तिला दोनच महिने झाले होते, पण इथला पालापाचोळा काढून टाकून तिने दगडावर रंगाने लिहिलंही होतं, 'पिण्याचे पाणी'. पंधरा दिवस मुलं इथेच बाटल्या भरत होती. तीही भरत होती. गावातली एकही बाई इथे हंडा का आणत नाही, हे तिने कुणाला विचारलं नव्हतं.

मावशींनी खाली बसून तांब्यात झऱ्याचं ओंजळभर पाणी घातलं आणि तांब्या तिच्यापुढे धरला.

किडे आधी आखडले. मग पिळवटले. अंगातून पांढरट चिकटा सुटला, कडा फाटत गेल्या, आणि बघता बघता एकाचं डोकं विरघळल्यासारखं झालं. डोळे तेवढे दोन ठिपके होऊन चिकट्यात तरंगत राहिले.

"वर ही तिरळी पोरं नांदतात, म्हणून आमी ते पाणी पितो," मावशी म्हणाल्या. "इथं काय बी नांदत नाय."

सकाळपासून अश्विनी दीड बाटली प्यायली होती. पाण्याला जराशी तुरट चव लागायची. ती डोंगरातल्या पाण्याची, असं तिनेच वर्गात सांगितलं होतं. जीभ काढून पदराने खसाखसा पुसावी असं तिला वाटलं.

"मग सांगितलं का नाही मला?"

"आले होते सांगाया. तुमी म्हणालात, मावशी, तुम्ही खिचडीकडे बघा."

वर शाळेची घंटा झाली. पायवाटेवरून मुलं धावत आली आणि झऱ्याजवळ येताच, तिने शिकवलं होतं तशी, मुकाट्याने रांगेत उभी राहिली. पहिल्या नंबरावर तिसरीतली सोनी होती. तिने वाकून बाटली भरली, उन्हात धरून नीट निरखली आणि तोंडाला लावणार तोच अश्विनीने ती हिसकावून घेतली.

सोनी बावरली. आपलं काय चुकलं ते तिला कळेना. रडवेली होऊन तिने बाटलीकडे बोट दाखवलं.

"मी बघितलं ना मॅडम. एकपण किडा नाय त्यात."