दुभाष्याचा साक्षीदार

मंडळी, जरा जवळ सरका. गोष्ट एवढीशीच आहे, पण कानात साठवण्यासारखी आहे.

चिनी माणसाला अमेरिकेत मज्जाव करणारा कायदा साठ वर्षांनी उठला. पुढच्याच वसंतात सान फ्रान्सिस्कोचा म्हातारा दुभाषा ऊ चुंग-यान नागरिकत्वासाठी साहेबासमोर बसला. परदेशातून येणाऱ्यांना तपासणाऱ्या, बंदरातल्या बेटावरच्या चौकीत त्याची उभी हयात गेली होती. बोटीनं आलेल्या आपल्याच लोकांचे जबाब साहेबाला इंग्रजीत सांगायचे, हे त्याचं काम. आता त्याला स्वतःला साक्षीदार हवा होता. इथंच जन्मलेला लाँड्रीवाला मा बिंग-शॉन एका शब्दावर तयार झाला, याचं त्याला नवल वाटलं. वाटेत त्यानं दोनदा आभार मानले. बिंग म्हणाला, मास्तर, शेजारधर्मच की हा.

अर्जदार सचोटीचा आहे का, साहेबानं विचारलं.

बिंगला इंग्रजी चांगलं येत होतं. तरी तो गावच्या बोलीत बोलला, अगदी सावकाश.

"तेरा वर्षांपूर्वी बेटावर माझ्या बायकोला विचारलं, सासरच्या दाराला पायऱ्या किती. ती म्हणाली चार. मी इथला अडाणी, उंबरठा धरून पाच सांगून बसलो होतो. जबाब जुळले नाहीत, तिला परत पाठवलं. अहो, ज्यावर पाय द्यायचा नाही तो उंबरठा ती मोजेल कशी? तिथल्या साहेबाला हे ठाऊक नव्हतं, मास्तर. तुम्हाला होतं."

ऊचा चेहरा उतरला. तोही बोलीतच पुटपुटला, "बिंगभाऊ, मला कुणी विचारलं असतं तर सांगितलं असतं."

"आज विचारतील. कायदा उठायच्या आधीच्या उन्हाळ्यात ती गावी उपाशी मेली, तेही सांगा."

साहेबानं टाक खाली ठेवला. त्याला यातलं अक्षर कळलं नव्हतं. तो ऊकडे वळून हसला. म्हणाला, तुमच्याइतका जाणता दुभाषा मला दुसरा कुठून मिळणार? शपथ तर घेतलीच आहे तुम्ही. सांगा, काय म्हणतोय तुमचा साक्षीदार?

ऊनं तोंड उघडलं. बिंगनं टोपी मांडीवर ठेवली आणि शब्द न शब्द ऐकायला पुढं वाकला.

संध्याकाळी देवापुढं हात जोडाल तेव्हा त्या बाईची आठवण ठेवा. तिचं नाव लेई युक-हिंग.