पयलं तोरण

पोळ्याच्या तोरणाखालून आधी महादेवराव पाटलांची जोडी जायची, मग गावाची, आणि सगळ्यात शेवटी प्रेमदासची. मागच्या पोळ्याला हा क्रम मोडायला प्रेमदास त्या पाटलांच्या बैलांसमोर आडवा उभा राहिला. मांडीत शिंग घुसलं तरी हटला नाही. ते रक्त पाहून सारं गाव पेटून उठलं, निवडणुकीत पाटलांचं घराणं पडलं आणि त्यांच्याविरुद्ध उभा राहिलेला गजेंद्र सरपंच झाला.

"औंदा पयलं तोरण तुह्या बैलायचं, प्रेमदास!" त्यानं शब्द दिला.

आज प्रेमदासनं लंगडत लंगडत बैल धुतले, शिंगं रंगवली, जाम गावच्या बाजारातून आणलेली नवी झूल घातली. तोरणापाशी गजेंद्र फेटा बांधून उभाच होता. त्याच्या घरी ट्रॅक्टर होता, बैल नव्हते.

"आन इकडे," म्हणत त्यानं कासरा हातातून काढून घेतला. "सरपंचाची जोडी म्हनून जाऊ दे. तू थांब मांगं."

"अन् माहा मान?"

"तुहेच बैल पयले जाऊन राह्यले न बे? मंग!"

डफडं कडाडलं. तोरणाखालून सगळ्यात आधी प्रेमदासचेच बैल गेले.



गर्दीत उभे असलेले महादेवराव जरासे सरकले, आणि त्यांनी प्रेमदासला आपल्या शेजारी जागा करून दिली.